समुद्राकडची भिंत

लग्न होऊन सासरी आलेल्या बाईला पहिल्या वर्षात किती "नको" ऐकावे लागतात याची मोजदाद सहसा कुणी ठेवत नाही. नाब्लानं ठेवली होती. होडी समुद्रावर असताना घरातला विस्तव शेजारणीला द्यायचा नाही. पुरुष होडीकडे निघाले की कधी येणार असं विचारायचं नाही. घरात शीळ घालायची नाही. डुकराला डुक्कर म्हणायचं नाही, अगदीच वेळ आली तर 'तो चिखलातला' म्हणायचं. आणि घराच्या समुद्राकडच्या भिंतीला हात लावायचा नाही, तिला चुना पुरुषच लावणार. बाकीच्या "नको"मागे कसली तरी भीती आहे एवढं तिला कळत होतं. भिंतीचं मात्र काही केल्या कळेना.

"का पण?" तिनं एकदा सासूला विचारलं होतं.

"का म्हणजे? नसतो लावायचा."

"काही कारण असेल ना?"

"तुझ्या कुरणातल्या गाईला विचारतेस का, दूध का देतेस म्हणून?" ओनोरा म्हणाली, आणि विषय तिथेच मिटला.

ओनोराचं बोलणं असंच. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकलेला, उजेड आणि अंधार यापलीकडे काही दिसत नव्हतं, पण जिभेची धार वयानं तसूभरही कमी झाली नव्हती. दिवसभर चुलीशी बसून ती चाचपत मोजे विणायची आणि कानांनी घरावर पहारा द्यायची. सुनेला ती नावानं हाक मारत नसे. "ए कुरणातली" म्हणायची, कारण नाब्ला पूर्वेकडची. तिकडे नजर जाईल तिथवर गवत आणि गाई, आणि समुद्र म्हणजे गॉलवेच्या बाजाराला गेल्यावर लांबून दिसणारी निळी पट्टी. मागच्या फेब्रुवारीत, चाळीस दिवसांचा मोठा उपास लागायच्या आत तिचं लग्न झालं आणि ती रोसकीनला आली, त्याला आठ महिने झाले होते. सासूला काय म्हणून हाक मारायची हे तिचंही अजून ठरलं नव्हतं. त्यामुळे ती हाक न मारताच बोलायची.

आणि आता गुरुवारी घरी मिस्सा होती.

रोसकीनला चर्च नाही. वर्षातून दोनदा फादर घोड्यावरून येतात आणि पाळीपाळीनं एकेका घरात मिस्सेची प्रार्थना म्हणतात. सगळा गाव त्या घरात कोंबला जातो, पापांची कबुली देतो, आणि मग चहा पिता पिता कोपऱ्यातलं जळमट न् जळमट डोळ्यांत साठवून घरी नेतो. अकरा घरं आहेत, म्हणजे पाळी पाच-सहा वर्षांनी एकदा येते. ती नेमकी नाब्लाच्या पहिल्याच वर्षात आली. कुरणातलीनं घर कसं ठेवलंय हे बघायला बायका किती टपून बसल्या असतील, हे काय सांगायला हवं?

आतलं घर तिनं लख्ख केलं होतं. प्रश्न बाहेरचा होता. समुद्राकडच्या उंच भिंतीवरचा चुना खाऱ्या हवेनं फुगून पापुद्रे सुटले होते, आणि तिच्यापासून तीसेक पावलांवर उत्तरेला जळणाची खोपी होती, ती तर जन्मापासून काळीच. गावातून येणारी पायवाट नेमकी या दोन्हींच्या मधून यायची.

"फेस्टी, भिंतीचं बघ ना," ती पंधरा दिवस नवऱ्याच्या मागे लागली होती.

"बघतो. बांगडा सरला की एक दिवस होडी काढत नाही, तेव्हा लावतो."

"गुरुवारी फादर यायचेत. बांगड्याला माहीत आहे का ते?"

"बांगडा पक्का कॅथलिक आहे. शुक्रवारी मटण चालत नाही, म्हणून तर जन्म त्याचा," फेस्टी म्हणाला आणि हसला. तो हसला की तिला राग धरून ठेवता येत नसे.

"मग मी लावते."

त्याचं हसू गेलं. "तू नको. होडी बाहेर असताना तर मुळीच नको."

"का?"

तो मान खाली घालून बुटाच्या नाड्या बांधत राहिला. "आमची रीत आहे," एवढंच म्हणाला.

खरं तर एका वाक्याचं काम होतं. रोसकीनच्या तोंडाशी खडकांची एक रांग आहे, तिला गावात 'वासरं' म्हणतात. शांत समुद्रात वासरं पाण्याखाली निजलेली असतात, मोठी लाट आली की फेसाळत वर येतात. त्यांच्यामधून जेमतेम दोन होड्यांच्या रुंदीची एक वाट आहे. ती पाण्यावर दिसत नाही. ती जमिनीवर दिसते. डोंगरमाथ्यावर एक उभा दगड आहे, आणि त्याच्या बरोबर खाली फेस्टीच्या घराची पांढरी भिंत आली की सुकाणू तसंच धरायचं आणि डावीउजवीकडे न बघता आत यायचं. पिढ्यान् पिढ्या माणसं त्या भिंतीच्या जिवावर घरी आली. पण खुणा बापानं मुलाला सांगायच्या, त्याही होडीत बसल्यावर. जमिनीवर त्यांचा उच्चार करायचा नाही, आणि बाईपाशी तर नाहीच. बाई माहेरी जाते, भावांशी बोलते, आणि मग दुसऱ्या गावच्या होड्या आपल्या पाण्यात दिसायला लागतात. फेस्टीनं आईलासुद्धा सांगितलं नव्हतं आणि त्याच्या बापानंही बायकोला सांगितलं नव्हतं. मला या शहाण्या पुरुषांचा राग येतो तो इथे. भिंतीआड राहणाऱ्या बाईलाच भिंत कशाला आहे ते ठाऊक नाही, आणि त्याला म्हणायचं रीत.

मंगळवारी उजाडता उजाडता तिघं निघाले. फेस्टी, त्याचा धाकटा भाऊ कोलमन, आणि खालच्या धक्क्याजवळ राहणाऱ्या टायगकाकाचा मुलगा दारा. गावातले बाकीचे पुरुष क्लिफडेनच्या गुरांच्या बाजाराला गेले होते, त्यामुळे तेवढी एकच होडी निघाली. कोलमननं नेहमीसारखी मिठाची चिमूट खिशात टाकली आणि आईच्या टकुच्यावरून हात फिरवला. ओनोराला हसवू शकणारा जगात तो एकटाच होता.

"आई, आज तुला समुद्रातली एखादी म्हातारी धरून आणतो. तुझ्याशी भांडायला."

"तिला म्हणावं जेवूनखाऊन ये. माझ्याशी भांडायचं तर ताकद लागते."

"वहिनी, ऐकलंस ना? तुझी सुटका झाली." तो डोळे मिचकावत बाहेर पडला. होडीच्या अगदी पुढच्या टोकाला, जाळ्यांच्या ढिगावर त्याची बसायची जागा होती. खालून त्याचं गुणगुणणं बराच वेळ ऐकू येत राहिलं.

दिवस ऑक्टोबरला न शोभणारा उबदार निघाला. वारा नावापुरता. पाणी गुळगुळीत होतं, पण त्याखालून लांब, संथ लाटा एकामागून एक येत होत्या, आणि त्या किनाऱ्याला पोचल्या की गोट्यांचा खळखळाट व्हायचा. ओनोराचे हात विणता विणता थांबले.

"वासरं बोलायला लागली."

"कुठली वासरं?" नाब्ला गोठ्याच्या दिशेनं बघायला लागली.

"ते खडक गं. वारा नाही आणि वासरं बोलतायत, म्हणजे कुठेतरी लांब मोठं वादळ होऊन गेलंय. त्याचं पाणी आता इकडे यायचंय. संध्याकाळपर्यंत चढेल."

"मग हे लोक गेले कशाला?"

"दुपारी येतील परत. उजेडात वाट दिसते, उजेडात काय भीती?" म्हातारीनं सुया पुन्हा चालू केल्या, पण कान बाहेरच ठेवले.

नाब्लानं संधी साधून विचारलं, "मिस्सेच्या वेदीवर घालायला पेटीतली एखादी चादर द्याल का? आपल्याकडची टेबलावरची डागाळलीय."

ओनोराच्या पेटीत तागाच्या दोन पांढऱ्याशुभ्र चादरी होत्या. सूत तिनं स्वतः कातलेलं. ती मेली की एक तिच्याखाली आणि एक तिच्यावर, म्हणून वीस वर्षं ठेवलेल्या. पेटीची किल्ली तिच्या गळ्यात असायची.

"त्या माझ्या आहेत. मी आडवी झाले की वापर हव्या तेवढ्या."

"एका दिवसाचा प्रश्न आहे."

"फादर चादर बघायला येत नाहीत. आणि बायका बघायला येतात त्यांचं चादरीवर भागत नाही," ओनोरा म्हणाली. "त्या तुझी काळी खोपीही बघतील आणि भिंतीचे पोपडेही. बघू देत. इथे मासे धरणारी माणसं राहतात. तुमच्याकडे काय, कोंबड्यांच्या खुराड्यालासुद्धा चुना लावत असतील."

"लावतातच," नाब्ला म्हणाली, आणि बादली उचलून बाहेर गेली.

चुन्याच्या कळ्या तिनं आदल्या दिवशीच विरवून ठेवल्या होत्या. त्यात नीळ टाकली, लाकडानं ढवळलं, आणि हात बसावा म्हणून आधी खोपीपासून सुरुवात केली. ओला चुना दिसतो तरी कसा? पाणी घातलेल्या ताकासारखा. काळ्या दगडावर तिनं दोन हात मारले तरी खोपी करडीच्या करडीच. पण हे तिला ठाऊक होतं, तिच्या माहेरी दरवर्षी हे काम तिचंच असायचं. चुना वाळता वाळता उजळतो. त्याला ऊन द्यायचं आणि वाट बघायची.

मग ती समुद्राकडच्या भिंतीपाशी जाऊन उभी राहिली.

क्षणभर थांबली, नाही असं नाही. फेस्टीचा तो "नको" तिच्या कानात होताच. पण तिला वाटलं, परक्या मुलखातली बाई घराच्या दर्शनी भिंतीला हात लावते हेच यांना खुपतंय. आठ महिने ती पाहुणीसारखी राहिली होती. दुपारी तो टेकाड चढून वर येईल, भिंत बघेल, रागावेल, आणि मग दोन पावलं मागे जाऊन पुन्हा बघेल. ते दुसरं बघणं तिला हवं होतं. तिनं फावडं उचललं आणि पापुद्रे खरवडायला घेतले.

जुना चुना पोळीएवढ्या तुकड्यांनी खाली पडायला लागला. पन्नास वर्षांचे थर होते, एकदा धार आत घुसली की सपासप सुटत होते. खालचा दगड गवतात मिसळून जाईल असा राखाडी निघाला.

"काय घासतेस गं?" आतून आवाज आला.

"बटाट्याचं भांडं. करपलंय."

"भांडं घासतेस की शेत नांगरतेस?" ओनोरा म्हणाली. पण तेवढ्यात तिचे मोज्यावरचे टाके चुकले आणि ती पुटपुटत पुन्हा मोजायला लागली.

बारा वाजेपर्यंत भिंत वरपासून खालपर्यंत नागडी झाली होती. आता चुना. नाब्ला बादलीकडे वळली तर तळाशी वाटीभर उरलेला. खोपीच्या तहानलेल्या दगडांनी सगळा पिऊन टाकला होता. तिनं पिंपातल्या उरलेल्या कळ्या काढल्या, पाण्यात सोडल्या. चरचर आवाज झाला, वाफ उसळली, पाणी उकळायला लागलं. तासभर तरी निवायला हवं होतं. काही बिघडत नाही, ती मनात म्हणाली, आणि हात धुताना सहज मागे वळली.

खोपी वाळली होती. इतका पांढरा रंग तिनं स्वतःच्या हातानं कधी लावला नव्हता. उन्हात तिच्याकडे बघवत नव्हतं. नाब्लाला फार बरं वाटलं.

समुद्रावर उन्हाचा धुरकट पडदा धरला होता. त्याच्यापलीकडे तपकिरी शिडाचा एक ठिपका दिसला. आले! तिनं ताकाची बरणी भरली आणि उतारावरून धक्क्याकडे निघाली. खाली उतरताना गोट्यांचा आवाज सकाळपेक्षा जड झालाय हे तिला जाणवलं. दोन लाटांमध्ये आता बराच वेळ जात होता. आणि खडकांच्या जागी पाणी अधूनमधून पांढरं होऊन पुन्हा काळं पडत होतं.

धक्क्यावर टायगकाका दगडावर बसून शेवंडी धरायचा पिंजरा विणत होता. कमरेनं दगा दिल्यापासून तो होडीवर जात नव्हता.

"देव तुमच्या कामात बरकत देवो," ती म्हणाली.

"तुझ्याही, पोरी." त्यानं वर पाहिलं. तिच्याकडे, मग सवयीनं तिच्या डोक्यावरून टेकाडाकडे. हातातली वेताची काडी खाली पडली. "घर कुठं गेलं?"

नाब्ला हसली. "काय म्हणता काका?"

"घर कुठं गेलं तुमचं? भिंत कुठंय?" तो पिंजऱ्याला धरून उठला. "आणि ते पांढरं काय आहे? ते काय आहे ते?"

ती मागे वळली. खालून बघितल्यावर घर खरंच नव्हतं. करडी भिंत, करडं छप्पर, मागे करडा डोंगर, सगळं एकच. वर माथ्यावर उभा दगड होता. आणि त्याच्या खाली जरा उत्तरेला, उन्हात पेटल्यासारखा, एकच पांढरा चौकोन.

"खोपी आहे. मी चुना लावला. भिंत खरवडलीय, आता तिलाही..."

"अगं बये!" टायगकाकाचा आवाज फाटला. "त्या भिंतीवर नजर ठेवून आत येतात ते! दगडाखाली भिंत आली की वाट, नाहीतर वासरं! कुणी सांगितलं नाही तुला?"

"नाही," नाब्ला म्हणाली. "मला कुणीच काही सांगत नाही."

तिला एकदम लग्नाचा दिवस आठवला. फेस्टी तिला होडीतून घरी आणत होता. तो सुकाणूवर होता, ती त्याच्यासमोर बसली होती, आणि तो एकटक तिच्याकडे बघत होता. ती लाजून चुळबुळत जरा उठली की म्हणायचा, "खाली बस गं, माझं घर झाकतेस." कोलमन आणि दारा हसत होते. तिला वाटलं होतं, नवरा घर दाखवायला उतावीळ झालाय. आठ महिने ती ते वाक्य मनातल्या मनात जपून होती.

बरणी तिच्या हातातून कधी पडली ते तिला कळलं नाही. ती टेकाडावर धावत सुटली. मागे टायगकाका वल्ह्याला सदरा अडकवून हवेत हलवत होता आणि मुलाच्या नावानं ओरडत होता. अर्ध्या मैलावरच्या होडीला ते काय ऐकू येणार, काय दिसणार? होडीवरून घर दिसत नाही, माणूस दिसत नाही, दिसतो फक्त डोंगरावरचा एक पांढरा ठिपका. आणि त्या डोंगरावर कुणाच्याही आठवणीत दोन पांढरे ठिपके कधी नव्हते. फेस्टीला शंका यायचं कारणच नव्हतं.

चढताना तिचं डोकं मात्र विलक्षण साफ चाललं होतं. खोपी काळी करायची, भिंत पांढरी करायची. चुना उकळतोय, आणि लावला तरी ओला चुना दिसत नाही, हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक असणार? डांबर तापवल्याशिवाय लागणार नाही. शेण, चिखल, किती वेळ लागेल? मग तिला जुनं शीड आठवलं. सालीच्या काढ्यात बुडवून तपकिरी केलेलं, फाटलेलं, खोपीतच घडी घालून ठेवलेलं. आणि भिंतीसाठी?

"चादरी!" ती दारातूनच किंचाळली. "आई, चादरी द्या! तुमच्या चादरी!"

ओनोरा जागेवरून उठली होती. कानांना आधीच काहीतरी कळलं होतं. "काय झालं?"

"होडी आत येतेय. ते आपल्या भिंतीकडे बघून येतात, ती त्यांची खूण आहे. मी ती खरवडली. मी खोटं बोलले, भांडं नव्हतं. मी भिंत खरवडली आणि खोपी पांढरी केली, ते खडकावर येतायत!"

म्हाताऱ्या बाईचा चेहरा क्षणभर कोरा झाला. तिनं गळ्यातली दोरी हिसका मारून तोडली आणि किल्ली पुढे केली.

"त्रेचाळीस वर्षं," ती म्हणाली. "त्रेचाळीस वर्षं मी या भिंतीआड निजते. आणि मेल्यानं मला कधी..." पुढचं तिनं गिळलं. "मला बाहेर ने. मी धरते."

छपराचे दोर बांधायला भिंतीतून दगडी खुंट्या बाहेर आलेल्या असतात. नाब्लानं दाराजवळचा बाक भिंतीशी ओढला, त्यावर चढली, एक चादर दोन खुंट्यांना गाठी मारून ताणली. ती अर्ध्याच भिंतीला पुरली. दुसरीचं एक टोक खुंटीला बांधलं, दुसरं बांधायला काही नव्हतं. ओनोरा बाकावर चढली, भिंतीला पाठ लावली, आणि दोन्ही हात डोक्यावर उंच करून तिनं ते टोक धरलं. सत्तरी उलटलेली बाई. वारा थोडा वाढला होता, चादर तिच्या मुठीतून सुटू बघत होती.

"अशी?"

"अशीच. हात खाली करू नका."

"तू जा, कुरणातले. पळ."

शीड ओढून बाहेर काढताना नाब्लाच्या बोटांची नखं उलटली. खोपीचं छप्पर बुटकं होतं, ती गवताला धरून वर चढली, शिडाची कड वर खेचली, दगड ठेवले, आणि बाकीचं शीड पांढऱ्या भिंतीवरून खाली लोटून दिलं. एक कोपरा उघडा राहिला. तिनं खाली उडी मारून तो हातानं खेचला, त्यावर बसली, आणि तेव्हा कुठे समुद्राकडे बघितलं.

होडी दिसत होती. अगदी जवळ. तिचं तोंड सरळ खोपीकडे होतं, आणि तिच्यापुढे पाणी फुगत होतं.

मग होडीचं शीड हललं. फेस्टीला दिसलं होतं. पांढरा ठिपका एका जागी विझला आणि दुसऱ्या जागी उगवला हे त्याला दिसलं आणि त्यानं सगळं अंग सुकाणूवर टाकलं असणार, कारण होडी इतकी कलली की तिचं काळं पोट वर आलं. दक्षिणेला वळली. अर्धी वळली. तेवढ्यात मधलं वासरू पाण्यातून उठलं. आवाज नंतर पोचला. आधी नुसतं पांढरं, होडीपेक्षा उंच, शिडापेक्षा उंच, आणि त्या पांढऱ्यात होडी नव्हतीच.

नाब्लानं अंगाखालचा शिडाचा कोपरा सोडला नाही.

फेस खाली बसला तेव्हा होडी त्याच्या अलीकडे होती. डोलकाठी मोडून लोंबत होती, होडी पाण्यानं अर्धी भरली होती, पण ती वाटेत होती, सरळ, नाक भिंतीकडे. सुकाणूवर माणूस होता. मधे एक जण गुडघ्यावर बसून कशानं तरी पाणी उपसत होता. तो दारा, त्याची लाल टोपी लांबूनही ओळखू यायची.

पुढच्या टोकाला कुणी नव्हतं. जाळ्यांचा ढीगही नव्हता.

ती बघत राहिली. कोलमन खाली वाकला असेल, आत पडला असेल, आता उठेल. होडी धक्क्याजवळ यायला लागली. सुकाणूवरचा माणूस सारखा मागे वळून पाण्याकडे बघत होता आणि तरी होडी पुढेच आणत होता, कारण पुढची लाट उठायला लागली होती आणि दुसऱ्याचा जीव त्याच्या हातात होता. चादरी नसत्या तर तिघंही गेले असते, असं टायगकाका पुढे मरेपर्यंत ज्याला त्याला सांगत राहिला. त्यात नाब्लाला कधीच काही समाधान वाटलं नाही.

ती उठली. तीस पावलं चालून भिंतीपाशी आली. ओनोरा तशीच उभी होती, डोळे मिटलेले, हात वर. चादर तिनं इतकी घट्ट धरली होती की बोटांची पेरं चादरीइतकीच पांढरी पडली होती.

"नाब्ला? तू आहेस का?"

"मी आहे."

"आवाज ऐकला मी. मोठा होता." ती थांबली. "आली का आत होडी?"

"आली."

"देवा तुझी दया." म्हातारीच्या गालांवरून पाणी ओघळलं, ते पुसायला तिला हात मोकळा नव्हता. "कोलमन गातोय का बघ. सुखरूप आला की गात येतो तो. मला इथून ऐकू येत नाही."

खाली धक्क्याला होडी लागली. टायगकाका पाण्यात उतरून मुलाला मिठी मारत होता. फेस्टी सुकाणूवरून उठला नव्हता.

"हात भरून आले गं," ओनोरा म्हणाली. "आता घेऊ का खाली?"

नाब्लानं बाकावर चढून सासूच्या हातांवर आपले हात ठेवले आणि चादर धरून ठेवली.

"थोडा वेळ राहू द्या, आई," ती म्हणाली. "अजून थोडा वेळ."